लोणारचा असुर, गयेचा असुर आणि आपल्याच जिल्ह्यातला स्तूप

चिखलीच्या बसस्थानकावर तासभर थांबले की आपल्या जिल्ह्याचा धर्म कळतो. शेगावची गाडी गजानन महाराजांकडे जाते, मेहकरची शारंगधर बालाजीकडे, देऊळगाव राजाची आणखी एका बालाजीकडे. होळी जवळ आली की सैलानीला जाणाऱ्यांची गर्दी होते. नारळांची होळी, अंगात येणे, बाधा उतरवणे. त्या गर्दीत आपल्या वस्तीतली माणसेही असतात, हे झाकण्यात अर्थ नाही. बावीस प्रतिज्ञा भिंतीवर आणि ताईत गळ्यात, असे आम्ही आमच्याच नात्यात पाहिले आहे. त्यावर कधीतरी सविस्तर लिहू. आज लोणारच्या गाडीत बसायचे आहे.

निमित्त असे झाले. एका रविवारी वंदना संपल्यावर विहारात एका तरुण कार्यकर्त्याने मोबाईल पुढे केला. व्हॉट्सॲपवर आलेला लांबलचक संदेश होता. लोणारचे दैत्यसूदन मंदिर मुळात बौद्ध विहार होते, सरोवर म्हणजे भिक्षूंचे स्नानाचे कुंड, पुढे ब्राह्मणांनी ते बळकावले, वगैरे. शेवटी नेहमीचा आदेश : खरे आंबेडकरवादी असाल तर पुढे पाठवा. आम्ही विचारले, याला आधार काय? तो चिडला नाही, पण त्याने उलट विचारले, "दादा, त्यांनी पुराणं लिहिली तेव्हा पुरावा दिला होता का? मग आपल्यालाच कशाला मागता?"

हसून सोडून द्यावा असा हा प्रश्न नाही. ज्यांचा इतिहास शेकडो वर्षे दुसऱ्यांनी लिहिला, त्यांच्या मुलाला असे वाटणारच. पण आमचे मत त्याच्या उलट आहे, आणि ते का, हे लोणारच्याच आधाराने सांगतो.

लोणारचे सरोवर कुणी खोदलेले कुंड नाही. हजारो वर्षांपूर्वी काळ्या बसाल्टच्या खडकात उल्का आदळली आणि सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचा खळगा पडला. तळाला साचलेले पाणी खारे आणि सोड्याचे. काठावरच्या धारेला मात्र गोड्या पाण्याचा झरा बारमाही वाहतो. असल्या जागेवर कथा तयार झाली नसती तरच नवल.

कथा अशी. या खळग्याच्या पोटात लवणासुर नावाचा दैत्य राहत असे. देवांना त्याचा त्रास होता. विष्णूने सुंदर तरुणाचे रूप घेतले, लवणासुराच्या दोन बहिणींना भुलवले आणि त्यांच्याकडून भाऊ कुठे झोपतो ते काढून घेतले. मग पायाच्या अंगठ्याने त्याच्या बिळावरचे झाकण उडवले. ते लांब धातेफळला जाऊन पडले, तीच तिथली टेकडी. झोपलेल्या असुराला विष्णूने मारले. सरोवराचे पाणी म्हणजे त्याचे रक्त आणि पाण्यातला खार म्हणजे त्याचे मांस. २०२० च्या जूनमध्ये हे पाणी गुलाबी झाले. पुण्याच्या आघारकर संस्थेने तपासणी करून सांगितले की खाऱ्या पाण्यात वाढणाऱ्या सूक्ष्मजीवांमुळे हा रंग आला. त्या दिवसांत सगळे मोबाईलवर फोटो बघत होते, आणि आम्हाला राहून राहून झोपेत मारलेला तो असुर आठवत होता.

विष्णूच्या या विजयाचे स्मारक म्हणून दैत्यसूदनाचे मंदिर उभे आहे. साधारण बाराव्या-तेराव्या शतकातले हे बांधकाम. त्याच्या छतावर दैत्यसंहाराचे प्रसंग कोरले आहेत. मंदिराचे नावही बघा. देवाची ओळख त्याने कुणाला वाचवले यावरून नाही, कुणाला मारले यावरून आहे.

लोणारहून मेहकरला या. पैनगंगेच्या काठचे हे जुने गाव. तिथली आख्यायिका सांगते की मेघंकर नावाच्या दैत्याला शारंगधर विष्णूने मारले आणि त्याच्या नावावरून गावाला मेहकर नाव पडले. शेजारशेजारच्या दोन गावांत दोन असुर, दोघांना मारणारा विष्णू, आणि गंमत अशी की दोन्ही गावांच्या नावात देव नाही, मेलेला असुर आहे. एवढे मारून पुन्हा त्याचे नाव काही पुसता आले नाही.

आता तिसरे ठिकाण, आणि ते ऐकून आपले कान टवकारले पाहिजेत. अकबराच्या काळात अबुल फजलने लिहिलेल्या 'आईन-ए-अकबरी'त लोणारची नोंद आहे. लोणार तेव्हा वऱ्हाड सुभ्यात मेहकर सरकारात होते. ब्राह्मण या जागेला विष्णुगया म्हणतात, असे त्याने लिहिले आहे. पितरांच्या मुक्तीसाठी विधी करायच्या तीन गया त्याने सांगितल्या : एक बिहारची, एक विजापूरजवळची आणि तिसरी आपली लोणारची. बिहारच्या गयेची पुराणकथा काय आहे? गयासुर नावाचा असुर होता. देवांनी त्याला आडवे पाडले, छातीवर शिळा ठेवली आणि विष्णूने वर पाय दिला. त्या पावलाच्या खुणेवर आजही पिंड पडतात. त्याच गयेपासून थोड्या अंतरावर पिंपळाखाली सिद्धार्थाला बोधी प्राप्त झाली.

मेघंकर, लवणासुर, गयासुर. जोतीरावांनी १८७३ साली 'गुलामगिरी'त नेमके या जागेवर बोट ठेवले होते. वराह, नरसिंह, वामन या अवतारांच्या कथा म्हणजे बाहेरून आलेल्यांनी इथल्या राजांना आणि रयतेला कसे हरवले त्याच्या विकृत आठवणी आहेत, असे त्यांचे म्हणणे. असुर वाईट हे जिंकणाऱ्याने सांगितले. हरलेल्याला कुणी विचारलेच नाही. आपल्या आयाबाया पाडव्याला ओवाळताना राज्य बळीचे मागतात, वामनाचे मागत नाहीत. लवणासुराच्या कथेत जोतीरावांचे डोळे घेऊन बघितले की पहिली गोष्ट दिसते ती ही, की तो लढाईत मेला नाही. बहिणींना फसवून, झोपेत गाठून त्याला मारले. हा पराक्रम आहे की दगा, हे विचारायला कोणतीही पोथी लागत नाही.

इथपर्यंत तो तरुण कार्यकर्ता आमच्याबरोबर आहे. पुढच्या पायरीवर मात्र वाट फुटते. कथेत असुर आहे म्हणजे इथे एखादा राजा होता, तो बौद्ध होता, म्हणून मंदिराखाली विहार आहे, ही साखळी कुठे जोडली गेली? कथा आपल्याला प्रश्न देते. जमिनीखाली काय आहे ते कथा सांगत नाही. ते सांगायला वीट लागते, लेख लागतो, नाणे लागते. जोतीरावांनी कथा उलटी करून माणसांना विचार करायला लावला. त्यांच्या या कामाला उत्खननाचा अहवाल समजणे हा त्यांच्यावर अन्याय आहे.

आणि लोणारमध्ये आपला म्हणावा असा इतिहास आहे. तो मंदिराच्या पायात शोधत बसण्यापेक्षा सरोवराच्या चिखलात शोधावा असे आम्हाला वाटते.

अबुल फजल विष्णुगयेवर थांबत नाही. तो लगेच पुढे सांगतो की या पाण्यात काच आणि साबण करण्याचा माल मिळतो आणि त्यातून सरकारला बरेच उत्पन्न होते. म्हणजे एकाच जागेचे दोन हिशेब होते. वर धारेवर पुण्याचा, खाली तळाला पैशाचा. इंग्रजी अमलापर्यंत हा धंदा चालला. उन्हाळ्यात पाणी ओसरले की काठावर आणि चिखलात खाराचे थर येत. ते गोळा करून, वाळवून, प्रतवारी लावून विकायचे. प्रत्येक प्रकाराला वेगळे नाव होते : डल्ला, निमक डल्ला, खुप्पल, पापडी, भुस्की. साबणाला, काचेच्या बांगड्यांना, पापडात घालायला हा माल जाई. पुढे कारखान्यातला स्वस्त सोडा आला आणि लोणारचा बाजार बसला.

खाराच्या पाच प्रकारांची पाच नावे टिकली. तो काढणाऱ्या माणसाचे एकही नाव टिकले नाही. भर वैशाखात सोड्याच्या पाण्यात दिवसभर उभे राहिल्यावर पायाच्या कातडीचे काय होते, ते कोणत्या माहात्म्यात लिहिले आहे? बादशहाला महसूल मिळाला, देवाला देऊळ मिळाले, पुजाऱ्याला दक्षिणा मिळाली. कथा म्हणते खार म्हणजे असुराचे मांस. हे मांस चिखलातून उपसून डोक्यावर वाहून आणणारे कोण होते, हा प्रश्न आम्हाला मंदिराखाली काय आहे यापेक्षा मोठा वाटतो.

हीच गोष्ट गावगाड्याची. प्राचीन परंपरा म्हणून ज्यांचे गोडवे गायले जातात, त्या रोजच्या जगण्यात आपला आजा-पणजा कुठे होता? मेलेले ढोर ओढायला तो, सांगावा पोहोचवायला तो, सरकारी माणूस आला की त्याच्या घोड्यापुढे धावायला तो. संध्याकाळी दारोदार भाकरी मागायला त्याची बायको. बिदरच्या बादशहाने महारांना बावन्न हक्क दिले अशी आख्यायिका आपले म्हातारे अभिमानाने सांगत. त्या हक्कांची यादी नीट वाचली की कळते, बरेचसे हक्क म्हणजे उरलेले, उष्टे आणि मेलेले यांवरचे हक्क. मरीआईचा गाडा त्याने शिवेपार न्यायचा, पटकी आली की दोष मात्र त्याच्याच वस्तीला.

पण एका गोष्टीत गावाचे त्याच्यावाचून चालत नसे. दोन गावांत शिवेचा वाद पेटला की साक्ष महाराची. कोणता दगड कोणाचा, ओढा पूर्वी कुठून वाहत होता, बांध कोणत्या बाभळीपाशी वळतो, हे त्याला पाठ असे. तो पुढे चालायचा आणि त्याची वाट हीच शीव धरली जायची. आम्हाला हे फार मोलाचे वाटते. ज्याला देवळाची पायरी चढायची बंदी, त्याच्या आठवणीवर अख्ख्या गावाची हद्द ठरत होती. शिवेच्या त्या साक्षीत खोटे बोलण्याला जागा नव्हती. महार खोटे चालला तर पुढच्या वेळी त्याला कुणी बोलावले नसते. आम्ही त्या साक्षीदारांचे नातू-पणतू आहोत, आणि व्हॉट्सॲपवर आलेले न तपासता पुढे ढकलतो.

बाबासाहेबांनी पुराव्याला कसे वागवले ते पाहू. 'द अनटचेबल्स' हे पुस्तक १९४८ चे. अस्पृश्यता कधी जन्मली हे ते शोधत आहेत. हाताशी फाहियान या चिनी प्रवाशाची साक्ष आहे. चांडाळ गावाबाहेर राहतात आणि नगरात शिरताना काठी आपटून लोकांना सावध करतात, असे त्याने इसवी सन ४०० च्या सुमारास लिहिले. आपल्यापैकी कुणाला ही साक्ष मिळाली असती तर आपण तिथेच टाळ्या वाजवल्या असत्या. येसकराची घुंगराची काठी ज्यांनी घरात पाहिली, त्यांना आणखी काय हवे? बाबासाहेब मात्र थांबतात. चांडाळांविषयी ब्राह्मणांचा राग वेगळा आणि जुना आहे, त्यामुळे एकट्या चांडाळाच्या उदाहरणावरून सर्व अस्पृश्यतेचा निर्णय करता येणार नाही, असे ते म्हणतात. मग ह्यूएनत्संगची साक्ष घेतात, गोवधबंदीचा काळ तपासतात, आणि नंतरच अंदाज मांडतात. त्याच पुस्तकाच्या प्रस्तावनेत आपले म्हणणे कुठे सिद्ध आहे आणि कुठे दुवे निखळलेले आहेत, तिथे कल्पनेची मदत किती घ्यावी, याची त्यांनी उघड चर्चा केली आहे. विरोधक तुटून पडणार हे त्यांना ठाऊक होते, म्हणून त्यांनी आपली बाजू स्वतःच आधी तपासून घेतली. पुराणकारांनी पुरावा दिला नाही म्हणून आपणही देऊ नये, हा रस्ता बाबासाहेबांचा नाही. तो पुराणकारांचाच आहे.

यात फक्त नैतिकतेचा प्रश्न नाही, लढाईचाही आहे. १९४९ च्या बोधगया मंदिर कायद्याने महाबोधी महाविहाराच्या समितीत चार बौद्ध आणि चार हिंदू सदस्य नेमले, आणि अध्यक्षपद जिल्हाधिकाऱ्याकडे दिले. जगातल्या बौद्धांचे सर्वांत मोठे स्थान, आणि तिथे बौद्धांना बहुमत नाही. हा कायदा रद्द करून व्यवस्थापन बौद्धांकडे द्यावे म्हणून १२ फेब्रुवारी २०२५ पासून भिक्खूंनी बोधगयेत उपोषण सुरू केले. आपल्या जिल्ह्यातूनही मोर्चे निघाले, निवेदने गेली. ही मागणी कशावर उभी आहे? अशोकाच्या लेखांवर, ह्यूएनत्संगच्या वर्णनावर, दगडी कठड्यांवर कोरलेल्या दात्यांच्या नावांवर, एकोणिसाव्या शतकातल्या कनिंगहॅमच्या कामावर, १८९१ पासून अनागारिक धर्मपालांनी चालवलेल्या झगड्यावर. गयासुराच्या कथेवर नाही. राजेंद्रलाल मित्रांनी १८७८ च्या ग्रंथात गयासुर म्हणजे हरवलेला बौद्ध धर्म असा अर्थ लावला होता. तो आपल्याला आवडतो, पण कोर्टात तो उपयोगाचा नाही. तिथे दगड बोलतो. समोरचा वकील काय म्हणेल याचा विचार करा : हे लोक तर प्रत्येक देवळाला आपला विहार म्हणतात, लोणारलाही म्हणतात, आधार काही नाही. लोणारचा एक खोटा संदेश बोधगयेच्या खऱ्या दाव्याला असा भोवतो.

आणि पुराव्यासाठी आपल्याला बिहारला जायची गरज नाही. आपल्याच डोंगररांगेत अजिंठा आहे. तिथल्या सोळाव्या लेण्यात वराहदेवाचा लेख आहे. हा वराहदेव वाकाटक राजा हरिषेणाचा मंत्री, आणि त्या वाकाटकांची राजधानी वत्सगुल्म म्हणजे आजचे वाशीम, आपल्या शेजारचा जिल्हा. याच वाशीमला सापडलेला वाकाटकांचा जुना ताम्रपट मात्र ब्राह्मणांना दिलेल्या गावाचा आहे. राजे वैदिक यज्ञ करणारे, त्यांचा मंत्री संघासाठी लेणे खोदणारा. खरा इतिहास असाच गुंतागुंतीचा असतो. संदेशातला तेवढा सरळ असतो.

आता मूळ मुद्द्यावर येतो. आमचा राग लोणारच्या संदेशापेक्षा आमच्या अज्ञानावर जास्त आहे. बुलढाणा जिल्ह्यात, संग्रामपूर तालुक्यात, भोन नावाचे गाव आहे. या शतकाच्या पहिल्या दशकात पुण्याच्या डेक्कन कॉलेजच्या पुरातत्त्वज्ञांनी तिथे उत्खनन केले. पूर्णेच्या खोऱ्यात दोन हजार वर्षांहून जुनी वसाहत निघाली. आणि स्तूप निघाला. कुणी कल्पनेने सांगितलेला नव्हे, विटांचा, मोजून नकाशावर मांडलेला स्तूप. त्याबरोबर रोजचे जगणेही निघाले : मातीची भांडी, मणी, आणि मातीच्या भाजलेल्या कड्या एकावर एक रचून बांधलेल्या विहिरी. दोन हजार वर्षांपूर्वी या काठावर माणसे पाणी शेंदत होती, भांडी घडवत होती, मणी ओवत होती आणि स्तूपापाशी हात जोडत होती. आपल्या जिल्ह्याच्या प्राचीन परंपरेबद्दल बोलायचे तर याहून भक्कम काय हवे?

हे भोन जिगाव प्रकल्पाच्या बुडीत क्षेत्रात येते.

आमच्या विहारात त्या रविवारी वीसेक जण होते. लोणारचा संदेश जवळपास सगळ्यांकडे आला होता. भोनचे नाव तिघांनी ऐकले होते. शेगावला दर्शनाच्या रांगेत लाखो लोक उभे राहतात, तिथून फार लांब नसलेल्या या स्तूपाकडे आपली माणसेसुद्धा वळत नाहीत.

इथे एक अडचण आहे आणि ती टाळून घोषणा देणे आम्हाला जमणार नाही. भोनचा पट्टा म्हणजे खारपाणपट्टा. पूर्णेच्या दोन्ही अंगाला जमिनीखालचे पाणी खारे. शेतीला ते चालत नाही, आणि प्यायल्याने माणसाची किडनी जाते. संग्रामपूर, जळगाव जामोद, शेगाव भागातल्या गावांत किडनीच्या आजाराने गेलेल्या माणसांची घरे दाखवायला कुणी वाटाड्या लागत नाही. त्यांत बौद्ध वस्त्यांतली घरेही आहेत. जिगावचे पाणी या माणसांना हवे आहे. लोणारला खार उपसणाऱ्यांचे पाय गेले, इथे खार पिणाऱ्यांची किडनी जाते, आणि अशा माणसाला जाऊन आम्ही सांगावे का, की धरण थांबव, आमचा स्तूप आहे? स्तूपाजवळ गोड्या पाण्याची सोय करून राहणाऱ्या त्या जुन्या माणसांनीही हे मान्य केले नसते.

म्हणून मागणी नेमकी असली पाहिजे. धरण नको ही आमची मागणी नाही. पाणी चढण्याआधी उरलेल्या भागाचे पूर्ण उत्खनन व्हावे. स्तूपाभोवती संरक्षक भिंत घालता येते की नाही हे अभियंत्यांनी लेखी सांगावे. येत नसेल तर तो वीट न् वीट क्रमांक लावून उंच जागी पुन्हा उभारावा. नागार्जुनकोंडा आठवा. आंध्रात नागार्जुनसागर धरण झाले तेव्हा तिथल्या बौद्ध अवशेषांचे आधी मोठे उत्खनन झाले आणि महत्त्वाच्या वास्तू उंचावर हलवून पुन्हा उभारल्या. जे कृष्णेवर झाले ते पूर्णेवर का होऊ नये? आणि जे मणी, भांडी निघाली त्यांच्यासाठी आपल्या जिल्ह्यात संग्रहालय हवे, म्हणजे भोनच्या पोराला आपल्या गावचा इतिहास बघायला पुण्याला जावे लागणार नाही.

या मागणीचे निवेदन आम्ही तयार करत आहोत. ज्या तरुणाने लोणारचा संदेश दाखवला होता, त्यालाच उत्खननाची छापील माहिती मिळवायचे काम दिले आहे. आधी तो कुरकुरला. मग दोन दिवसांनी त्याचा फोन आला, "दादा, विहिरींच्या कड्यांचे फोटो मिळाले. आपल्या आजीच्या रांजणासारख्या दिसतात." त्याने तो फोटो गटावर टाकला, खाली आधार कुठला तेही लिहिले.

येत्या महिन्यात वंदना आटोपून आम्ही भोनला जाणार आहोत. चिखलीच्या स्थानकावर भोनची पाटी आम्ही अजून पाहिलेली नाही. खामगाव, शेगाव करत वरवट बकालच्या बाजूने जावे लागेल. पाण्याची बाटली प्रत्येकाने घरून भरून घ्यावी, तिकडचे पाणी पिता येत नाही.